देवघरातला राउटर

राउटर मी निवडला. दुकानात मी गेलो, खोक्यावरचं बारीक अक्षर चष्मा पुसून मी वाचलं, आणि घरात तो कुठं ठेवायचा हेही मीच ठरवलं. आधीच सांगून टाकतो, कारण दुसऱ्याच्या माथी दोष मारायची मला जुनी खोड आहे. निदान इथं तरी तिला जागा राहू नये.

आमचं घर औंढ्याला, मंदिराकडून खाली उतरणाऱ्या एका गल्लीत. घराण्याकडं देवळातली सेवा आहे. मी मात्र पंचायत समितीत क्लार्क म्हणून नोकरी केली आणि रिटायर झालो, त्यामुळं सेवेचे वार आता मुलगा सांभाळतो. घरात आम्ही नवराबायको, मुलगा, सून आणि त्यांचं पाळण्यातलं लेकरू. गल्ली खोलगट आहे, आजूबाजूला लोकांनी मजले चढवले आहेत. मोबाईलची रेंज आमच्या उंबऱ्यापर्यंत येते आणि तिथूनच परत फिरते. फोन वाजला की मी "हॅलो, हॅलो" करत जिना चढतो आणि शेजारचे म्हणतात, निघाले साहेब गच्चीवर.

सून हिंगोलीची, कॉमर्स शिकलेली. लग्न झाल्यावर तिनं दोन नोकऱ्या आमच्यापायी सोडल्या होत्या. कुणी सोड म्हणालं नव्हतं, पण कुणी कर असंही म्हणालं नव्हतं. लेकरू झाल्यावर तिनं स्वतःच खटपट करून पुण्याच्या एका कंपनीत काम मिळवलं. दवाखान्याची बिलं कॉम्प्युटरवर तपासायची, आणि तेही घरी बसून. पहिले काही महिने ते तिला पारखून घेणार होते. त्यांची अट एकच, कामाच्या वेळात इंटरनेट तुटता कामा नये. तुटत असेल तर पुण्याच्या ऑफिसात येऊन बसा. आता देवळाची सेवा सोडून मुलगा पुण्याला जाणार नाही, आणि पाळण्यातलं लेकरू घेऊन ती एकटी जाणार नाही. म्हणजे सरळ हिशोब होता, आमच्या घरात इंटरनेट टिकलं तर नोकरी, नाही टिकलं तर चूलमूल.

सुरुवातीला ती गच्चीवर पाण्याच्या टाकीच्या सावलीला बसायची. सावली सरकली की तीही सरकायची. पडद्यावरचं दिसावं म्हणून डोक्यावरून ओढणी घेऊन लॅपटॉपसकट आत शिरायची. खालून पाहिलं तर कुणी वाफारा घेऊन राहिलं असं वाटायचं, आणि मी तसं बोलूनही दाखवलं होतं. तिच्या मॅडमनी मग बजावलं की मोबाईलचं नेट चालणार नाही, घरात कायमची सोय करा.

वायरचं इंटरनेट देणारा येऊन गल्ली बघून गेला. त्याचा खांब कोपऱ्यावर संपत होता, आणि रस्त्याच्या खोदकामात वायर सारखी तुटते असं तोच म्हणाला. राहिला सिम घालायचा राउटर. मुलगा म्हणाला, "ऑनलाइन मागवतो." मी म्हणालो, "माणसानं वस्तू हातात धरून घ्यावी." आणि हिंगोलीची बस धरली.

दुकानदारानं दोन-तीन डबे पुढं ठेवले. एक मोबाईल कंपनीचा होता, त्यात त्याच कंपनीचं सिम चालणार. मी विचारलं, उद्या ह्या कंपनीच्या टावरनं मान टाकली तर? "तो फिर ये खुलावाला लेव चाचा, कोई भी सिम डालो," तो म्हणाला. बराबर. खुलावाला घेतला. त्यातही दोन तऱ्हा निघाल्या, एक नुसता भिंतीच्या प्लगवर चालणारा आणि दुसऱ्याच्या पोटात बॅटरी. घरी इन्व्हर्टर आहे म्हटल्यावर दुकानदार बॅटरीची गरज नाही म्हणत होता. मी ऐकलं नाही. लाइट जावो, इन्व्हर्टर जावो, पृथ्वी उलथीपालथी होवो, आपला डबा बंद पडता कामा नये. "बॅटरीवालाच द्या," मी म्हणालो. ती बॅटरी लक्षात ठेवा.

घरी आल्यावर सिम घातलं. पहिल्यांदा उलटं गेलं, ते सुनेनं नखानं काढून सुलटं केलं. मग मी डबा हातात घेऊन घरभर फिरलो, त्याच्या अंगावर उमटणाऱ्या रेघा बघत. स्वयंपाकघरात एक रेघ. हॉलच्या खिडकीत दोन, त्यातली दुसरी जाऊन-येऊन. मुलाच्या खोलीत शून्य. माझ्या मागं बायको, तिच्या मागं लेकराला कडेवर घेऊन सून, अशी आमची वरात. आणि देवघरात पाऊल टाकलं तर सगळ्या रेघा फटाफट भरल्या! देवघर ईशान्येला, त्याला छोटी खिडकी, आणि खिडकीसमोरच लांब माळावर टावर. मी डबा खिडकीच्या फळीवर ठेवला, नमस्कार केला आणि म्हणालो, "देवाच्याच मनात होतं."

मी वळून पाहिलं तर दोघी दारातच उभ्या होत्या.

"मामा," सून म्हणाली. आमच्याकडं सासऱ्याला मामा आणि सासूला आत्याबाई म्हणतात. "तिथं समईची आंच लागंल त्याला."

"समई कुठं, खिडकी कुठं! हातभर अंतर हाय."

"अगरबत्तीचा धूर जाईल आत. मशिनीला धूर चांगला नसतो म्हणे."

"धूर वर जातो. सायन्स हाय ते."

"अभिषेकाचं पाणी उडंल."

"मी काय पंप लावून अभिषेक करतो का?"

बायकोनं तोंड घातलं, "अहो, हॉलच्या खिडकीतच ठेवा की. दोन रेघा बी पुष्कळ झाल्या." मी ताडकन म्हणालो, "तुला काय कळतं त्यातलं? उचलली जीभ लावली टाळ्याला." दोघींनी एकमेकींकडं पाहिलं. ती नजर मला दिसली होती. माझ्या एकेका उत्तरानं दोघी गार झाल्या, असा मी तिचा अर्थ लावला.

वाचणाऱ्याच्या लक्षात आलं असेल. माझ्या आलं नाही. आमच्या घरात बाईनं पाळीचे चार दिवस देवघरात पाऊल ठेवायचं नाही. बाकी आता सगळं चालतं, स्वयंपाक चालतो, कुणी वेगळं बसत नाही, पण देवघर नाही. हे मी कधी कुणाला तोंडानं सांगितलेलं नाही. माझ्या आईनं माझ्या बायकोला सांगितलं, बायकोनं सुनेला. आणि हा शब्द घरातल्या पुरुषाच्या कानावर पडू द्यायचा नाही, सासऱ्याच्या तर नाहीच नाही, हेही त्यातच आलं. आत्ता तो लिहिताना माझा हात अडखळला. ती पोरगी समई, धूर, पाणी असं एकेक काढून मला सांगून राहिली होती की महिन्यातले चार दिवस मी ह्या डब्याला हात लावू शकणार नाही, आणि मी तिला सायन्स शिकवत होतो.

वर मी नियम केले. देवघरातली वस्तू आहे, पारोशानं हात लावायचा नाही. बाहेरच्या माणसाला आत बोलवायचं नाही. सेटिंगचा पासवर्ड मी बदलला आणि कुणाला सांगितला नाही, उगाच कुणी खेळत बसायला नको म्हणून.

डबा मात्र झकास चालला. सून मुलाच्या खोलीत टेबलाशी बसून काम करायला लागली, तिच्या मॅडम खूश झाल्या. मी पारावर बसून लोकांना फुकटचे सल्ले देऊ लागलो, बॅटरीवालाच घ्या, खुलावालाच घ्या. एकच खोड होती त्याला. टावरचीच लाइट जाऊन आली की डबा रुसून बसायचा, लाल दिवा लागायचा आणि हलायचा नाही. मग मागचं बटन दाबून धरायचं, बंद करायचा, पुन्हा चालू करायचा, की हिरवा. एवढंच काम. मी घरी असलो तर मी करायचो, नसलो तर बायको करायची.

बायको त्या सगळ्यातून केव्हाच सुटलेली, तिला देवघर बारा महिने मोकळं. आता मागं वळून पाहतो तेव्हा कळतं की ती दर महिन्याला ठरावीक दिवस घर सोडून हलत नव्हती. भाचीच्या लग्नाला आली नाही. गुडघे दुखून राहिले म्हणाली. मी लग्नात एकटा गेलो, सगळ्यांनी विचारलं, आणि घरी येऊन मी तिला फाडफाड बोललो. बहिणीला भेटायला जायचं तिनं दोनदा पुढं ढकललं. "तुला माणसं नकोशी झाली आहेत," मी म्हणालो. तिनं ऐकून घेतलं. सुनेच्या नोकरीसाठी ती त्या डब्याची राखण करत बसली होती, आणि सांगणार कुणाला? मला?

मग तिच्या भावाच्या नातवाचं बारसं आलं, जवळा बाजारला. आदल्या दिवशीच ती म्हणाली, "तुमीच जाऊन या. माझे गुडघे..." मी भडकलो. "सख्ख्या भावाच्या घरचं बारसं आन् तू न्हाई? लोक माझ्या तोंडात शेण घालतील. गुडघे घेऊन चल." ती सुनेकडं बघत राहिली. सून म्हणाली, "जा तुमी आत्याबाई. काही होत न्हाई एका दिवसानं." त्या दिवशी सुनेची शेवटची मोठी मिटिंग होती, तिचं काम बघून तिला कायम करायचं की नाही ते ठरणार होतं. हे मला माहीत होतं. घरात दोन वेळा बोलणं झालं होतं त्यावर. मी म्हणालो होतो, "मग काय झालं? डबा हाय की." मुलगा सेवेला देवळात, तिथं मोबाईल जवळ ठेवत नाहीत. मोटारसायकलवर बायकोला मागं बसवून मी निघालो.

बारशाला मंडप घातला होता. पुरुष मंडपात खुर्च्यांवर, बायका आतल्या खोलीत पाळण्याभोवती, दार उघडं. मेहुणा, व्याही, गावातले चारजण, असे आम्ही चहा घेऊन राहिलो होतो. माझ्या फोनवर सुनेचा नंबर दिसला. ती मला कधी फोन करत नाही. मी उचलला, आणि माझ्या नेहमीच्या आवाजात बोललो, जो आवाज मला साधा वाटतो.

"मामा, लाल दिवा लागला. टावर जाऊन आलं वाटतं."

"मग बंद करून चालू कर की!"

"आत्याबाई हायेत का जवळ? त्यांचा फोन लागून राहिला, पण उचलत न्हाईत."

"आत्याबाईला काय कळतं त्यातलं? मागचं बटन दाबून धर, हिरवा झाला की सोड."

"मी घराचा मेन स्विच बंद करून पाहिला मामा. बॅटरीमुळं तो बंदच होत न्हाई."

"मेनला काहून हात लावला? डब्यालाच बटन हाय ना!"

"सेटिंगचा पासवर्ड सांगता का? मोबाईलवरून बी बंद-चालू करता येतं."

पासवर्ड मला आठवेना. आठवत नाही असं चारचौघांत म्हणायचं जिवावर आलं, म्हणून मी आवाज चढवला. "पासवर्ड कशाला पायजे? मिटिंग कधी हाय तुझी?"

"चालू झाली मामा. मोबाईलच्या नेटवर नको म्हणल्या मॅडम. मी गच्चीवर येऊन त्यांना पाच मिनिटं थांबा म्हणले." तिचा आवाज रडवेला झाला होता.

आणि मी ओरडलो. अख्ख्या मंडपात ऐकू जाईल असा ओरडलो, "अगं मग देवघरात जाऊन एक बटन दाबायला काय झालं तुला? हात लावायला काय झालं?"

आत बायका पाळणा म्हणत होत्या. तो मधेच थांबला.

मला वाटलं, बाळ रडलं असेल. मी दाराकडं पाहिलं तर सगळ्या बायका माझ्याकडं बघून राहिल्या होत्या. मेहुण्याच्या बायकोनं पदर तोंडाला लावला. एक म्हातारी मान खाली घालून पाळण्याची दोरी चाचपत बसली. त्या खोलीतल्या प्रत्येकीला, शेंबड्या पोरीलासुद्धा, कळलं होतं. व्याह्यांनी घसा खाकरून कप खाली ठेवला, म्हणजे त्यांनाही कळलं होतं. बायको उठून आली आणि तिनं माझ्या हातातून फोन काढून घेतला. आजवर असं तिनं कधी केलं नव्हतं.

ती पाठ करून हळू बोलली, "जा बाई आत. मी सांगते न, जा." मग ऐकत राहिली. मग फोन माझ्यापुढं धरला. "मामांनी म्हणलं तर जाते म्हणते."

"काय म्हणू?"

"आत जा, म्हणा."

"अगं पण ती जात काहून न्हाई?"

बायकोनं माझ्याकडं नुसतं पाहिलं. आणि मला कळलं. समई, धूर, अभिषेकाचं पाणी, गुडघे, भाचीचं लग्न, सगळं एकदम.

"मागं लेकराला ताप आला तवा तुमीच म्हणले होते ना," ती माझ्यापुरतं बोलली, "देवघरात कुणाचं तरी चुकलं म्हणून. मग आता तुमच्या शब्दाबिगर कशी जाईल ती? सांगा तिला. दोन शब्द हायेत."

दोनच शब्द होते. फोन माझ्या कानाशी होता, त्यात तिचा श्वास ऐकू येत होता. मेहुणा बघून राहिला होता, व्याही बघून राहिले होते, आतल्या बायका बघून राहिल्या होत्या. देवळाची सेवा असलेलं आमचं घर. मी आत जा म्हणालो, तर मी कशाला जा म्हणालो हे सगळ्यांना कळणार. अरे, कळलेलंच होतं सगळ्यांना! मी ओरडून सांगितलं होतं! पण माझी जीभ उचलेना. इतका वेळ जी टाळ्याला लागत होती तीच.

"थांब," मी म्हणालो. "मी येतो घरी." आणि फोन कापला.

बायको तिथंच उभी राहिली. मी मोटारसायकल काढली. वाटभर मी टावरवाल्याला शिव्या दिल्या, कंपनीला दिल्या, पाच मिनिटं न थांबणाऱ्या त्या मॅडमला दिल्या. पुढं कापसानं भरलेला टेम्पो, त्याला ओलांडता येईना, त्यालाही दिल्या. सुनेलाही दिल्या, की एवढी शिकलेली बाई, जायचं होतं गपचूप आत, कोण बघायला बसलं होतं? हे मी मनातच म्हणालो, पण म्हणालो. औंढा जवळ आला तेव्हा शिव्या द्यायला कुणी उरलं नव्हतं.

घरात शिरलो तर सून देवघराच्या दारात उंबऱ्याबाहेर बसली होती. मांडीवर लॅपटॉप, खांद्याला लेकरू, आणि बाजूला कपडे वाळत घालायची काठी. बाहेरून काठीनं बटन दाबायचा प्रयत्न केला होता तिनं. काठी खिडकीपर्यंत पोचली, पण दाबून धरता येईना, आणि काढताना समईला लागली. समई आडवी, तेल देव्हाऱ्यापुढं पसरलेलं. मला बघून ती घाईनं उठली.

"मामा, समई पडली," ती म्हणाली. "पण मी आत न्हाई गेले."

मिटिंगचं काय झालं ते नाही सांगितलं. आधी हे सांगितलं.

मी आत गेलो, बटन दाबून धरलं. लाल दिवा गेला. पुन्हा दाबलं. हिरवा लागला, सगळ्या रेघा भरल्या. "झालं!" मी मोठ्यानं म्हणालो, जसं काही मी डोंगर उचलला, आणि वळलो. ती माझ्या तोंडाकडं बघत नव्हती. तिची नजर खाली, माझ्या पायांकडं होती.

माझ्या पायांत चपला होत्या. रस्त्याची धूळ भरलेल्या, बारशाच्या मंडपात चहा सांडलेल्या चपला घालून मी देवापुढं उभा होतो. तेलात त्यांचा ठसा उमटला होता, टाचेपासून अंगठ्यापर्यंत. तिनं पाहिलं, मी पाहिलं, आणि तिनं नजर काढून लॅपटॉपकडं वळवली. मिटिंग केव्हाच संपली होती.

संध्याकाळी तिच्या मॅडमचा फोन आला. आता वायफायवरून फोन खोलीतच लागत होता. मी हॉलमध्ये होतो, दार लोटलेलं होतं. बाई रागावत नसावी, कारण सून हळू बोलत होती. मग ती म्हणाली, "न्हाई मॅडम, मी होते, पण बंद-चालू करायला घरी कुणी नव्हतं." पलीकडून काहीतरी विचारलं गेलं. ती पुन्हा म्हणाली, "हो, मी होते. पण कुणी नव्हतं." तिसऱ्यांदा विचारल्यावरही तिनं माझं नाव सांगितलं नाही, घराची रीत सांगितली नाही. स्वतः वेडी ठरली. पुण्याला येऊन बसणार असाल तर बघू, असं त्यांनी सांगितल्याचं मला नंतर बायकोकडून कळलं, म्हणजे नोकरी गेली.

रात्री जेवणाआधी मी एकट्यानं देवघर धुतलं. तेल फडक्यानं टिपलं, फरशी घासली, गोमूत्र शिंपडलं, समई उभी केली. माझ्या चपलेचा ठसा मी माझ्या हातानं पुसला. बायको भावाच्या मुलासोबत परत आली होती, ती स्वयंपाकघरातून बघत होती आणि मदतीला आली नाही. देवघरात कुणाचं चुकलं, असं त्या दिवशी कुणी म्हणालं नाही. लेकराला तापही आला नाही.

लाज वाटणं म्हणजे काय ते मला वाटायचं मला माहीत आहे. मास्तरांनी वर्गात उभं केलेलं, साहेबानं लोकांपुढं झापलेलं, ती लाज चार दिवसांत विरते. ही विरत नाही. सून मला पूर्वीसारखीच पाणी आणून देते, "मामा, जेवायला चला" म्हणते, आवाजात खोट नाही. लेकरू झोपलं की टाकीच्या सावलीला जाऊन बसते, लॅपटॉप नसतो, नुसती बसते. तिची माफी मागावी असं मनात येतं. सासऱ्यानं सुनेची माफी मागायची आमच्याकडं रीत नाही, असं मी स्वतःला सांगतो. रिती मला बऱ्या सापडतात. डबा उचलून हॉलमध्ये ठेवावा असंही वाटलं, पण ठेवला तर काहून ठेवला हे आलं. तो राहिला देवघरातच, सगळ्या रेघा भरून. त्यावर मी बातम्या बघतो.

आता मला न सांगता दिसतं. फुलं बायको आत नेते आणि सून दारावरून वळून जाते, तेव्हा मला कळतं. इतकी वर्षं ते दिसत नव्हतं, की बघत नव्हतो, देव जाणे.

परवा असाच दिवस होता. मी हॉलमध्ये बसलो होतो, बायको तांदूळ निवडत होती, सून लेकराचे कपडे घड्या करून राहिली होती. मोबाईलवरच्या बातम्या अडकल्या. देवघराच्या दारातून लाल दिवा दिसत होता. बायको उठली नाही. मीही उठलो नाही. घशाशी आलेले ते दोन शब्द मी कितीतरी दिवस चघळत होतो. म्हटलं, आज नाही तर कधीच नाही.

"पोरी," मी म्हणालो. आवाज बारीक निघाला, मलाच ओळखू आला नाही. "आत जा. तूच बंद-चालू कर. मी म्हणतो म्हणून जा."

बायकोचा हात सुपात थांबला. सुनेनं घडी पूर्ण केली, ती बाकीच्या घड्यांवर ठेवली आणि माझ्याकडं पाहिलं. रागानं नाही, टोमण्यानंही नाही.

"आता काहून मामा?" ती म्हणाली. "आता मला कुठं मिटिंग हाय? तुमच्याच बातम्या हायेत, तुमीच जा."

तिनं पुढचं झबलं घडीला घेतलं. मी उठलो, चपला काढल्या आणि आत जाऊन बटन दाबून धरलं.